बाई व्हायची तालीम

बापूजी फाटकातून आत शिरला, तेव्हा त्याची पोरगी परीक्षेला उभी होती. बाहेर बंडी जुंपलेलीच होती. पोरीचा हात धरायचा, तिला बंडीत बसवायचं आणि दिवस मावळायच्या आत घर गाठायचं, एवढंच त्यानं वाटेनं ठरवलं होतं.

राग यावा अशीच गोष्ट होती म्हणा. चंदा आरमोरीला आत्याकडे राहून शिवण शिकते, असं तो तीन महिने गावभर सांगत होता. सदऱ्याचं कापडही त्यानं हौसेनं धाडलं होतं. आणि काल बाजारात कुणीतरी दात काढत सांगितलं, की पोरगी नाटकात गेली. त्या कापडाचं काय झालं ते देवालाच ठाऊक.

वर्ग गुणवंतरावांचा होता. नागपूरला नाटकाचं रीतसर शिक्षण घेऊन आलेला माणूस. झाडीपट्टीतले गडी दंडारीत नाचतात, गातात, ऐकून ऐकून भाषणं पाठ करतात. त्यांना नीट शिकवावं आणि एक कंपनी उभी करावी, अशी त्यांची धडपड. आरमोरीतल्या धानाच्या गिरणीच्या आवारात फळ्या टाकून त्यांनी तीन महिने वर्ग चालवला होता. सत्तावन्न सालची दिवाळी तोंडावर आली होती आणि आज शेवटचा दिवस होता. जो पास होईल तो भाऊबिजेपासून पगारी नट. जो नापास होईल किंवा मधूनच उठून जाईल, त्यानं आपल्या शेतात जावं. चंदाला शेतही नव्हतं. तिच्यासाठी सिंदेवाहीचा एक बिजवर पाहून ठेवला होता, दोन लेकरांसकट.

वर्गात अकरा गडी आणि बाई एकटी चंदा. तिला बाईचं काम शिकवायला कोण, तर झिंगू मास्तर! बापूजीच्याच गावचा, भिंतीला भिंत लागून घर. वीस वर्षं लुगडं नेसून त्यानं राण्या केल्या, सासुरवाशिणी केल्या. आता मिशा पांढऱ्या झाल्या आणि आवाज फाटला. गडी हसायचे. माशाच्या पोराला कुणी पोहायला शिकवतं का, म्हणायचे. पण खरी गोष्ट अशी, की चंदाला जमतच नव्हतं. फळीवर पाय पडला की तिचं लाकूड व्हायचं. शेवटी झिंगू मास्तरानं तिला आपलं सगळं दिलं, पावलापावलानं, बोटाबोटानं. ती तेवढंच घोटत राहिली.

परीक्षेला गुणवंतरावांनी बिनशब्दांचा प्रसंग दिला होता. आई चिखलात धानाची रोवणी करून घरी येते, घरात तान्हं निजलेलं आहे, ती त्याच्याशेजारी बसते. बस. तान्हं म्हणजे पंच्याचं गाठोडं.

चंदा आली. दारात तिनं एका पायानं दुसऱ्या पायाचा चिखल पुसला. खोचलेला पदर सोडला नाही, खांद्यापाशी धरून नुसता तोंडावरून फिरवला. यातलं बापूजीला काहीच दिसलं नाही. तो गड्यांना ढकलत फळ्यांकडे येत होता. मग चंदा बसायच्या आधी खाली वाकली आणि तळहातानं भुई चाचपू लागली. जंगलालगतच्या घरांत विंचवाच्या भीतीनं सगळेच चाचपतात. पण तिनं आधी लेकराभोवतीची भुई चाचपली, मग आपली. बसल्यावर लेकराला हात लावला नाही. ओले हात लुगड्यात धरून ठेवले आणि वाकून त्याच्या कपाळावर हळूच फुंकर घातली.

बापूजी जागच्या जागी थांबला. चंदाला बाप दिसला तशी ती उठली आणि मान खाली घालून उभी राहिली. गुणवंतराव समजूत घालायला पुढे झाले. पण बापूजीनं त्यांच्याकडे पाहिलंही नाही. पोरीला कोण शिकवतं हेही त्याला बाजारात कळलं होतं, तो सरळ फळ्यांशी उभ्या झिंगूसमोर गेला.

"हे तुले कुठी भेटलं, झिंगू?"

झिंगूचं तोंड उतरलं. मग त्यानं सांगून टाकलं. पहिल्या दंडारीत लोकांनी त्याला शिट्ट्या मारून हाकललं होतं. दुसऱ्या दिवशी तो परसात रडत बसला, ते भिंतीपलीकडून रुखमाबाईनं पाहिलं. बापूजीची बायको ती, चंदाची आई. बाई अशी चालते का रे, म्हणून ती आधी पोट धरून हसली. मग झिंगूच्या मायसमोर, अंगणात, तिनं त्याला महिनाभर शिकवलं. तान्ही चंदा तिथंच निजलेली असायची. कुणाला सांगू नको, अशी तिनं शपथ घातली होती. त्याच साली ती तापानं गेली. बायको गेल्यावर बापूजी दंडारीकडे कधी फिरकला नाही, त्यामुळे झिंगूचं काम त्यानं पाहिलंच नव्हतं.

"वीस वर्षं वहिनीचंच करत आलो, भाऊ," झिंगू म्हणाला. "माह्यं त्यात काहीच नाई. जिचं होतं, तिच्या पोरीले देऊन टाकलं."

चंदाला आईचा चेहरा ठाऊक नव्हता. घरात फोटोही नव्हता. ती आपल्या दोन्ही हातांकडे पाहत राहिली.

बापूजीनं झिंगूचे हात धरले. एवढा दांडगा गडी, सगळ्यांसमोर हमसून हमसून रडला. लय उपकार झाले तुहे, एवढंच त्याला म्हणता आलं. मग शेल्यानं तोंड पुसून तो फळ्यांसमोर अगदी पुढे मांडी घालून बसला.

"चंदे, पयल्यापासून कर, माय. मघा मी रागात होतो, सुरुवात पाह्यलीच नाई."