रजेचं कारण

कोहका गावातल्या तेजरामची पोरगी दामिनी तमिळनाडूत एका कपड्याच्या कंपनीत शिलाईला होती. दोन वर्षं झाली, हॉस्टेलला बाहेरून कुलूप आणि पोरींचे फोन, आधार कार्डं सुपरवायझरच्या कपाटात. घरचं कोणी मेलं तरच रजा, आणि तीही मयताचा फोटो पाहून. गेल्या वर्षी तिची आई मथुरा वारली, तेव्हा फोटो पाठवूनही सुपरवायझर म्हणाला होता, "क्रियाकर्म करायला बाप आहे ना घरी?"

म्हणून यंदा तेजरामने स्वतःच मरायचं ठरवलं. अंगणात चटईवर आडवा झाला, नाकात कापूस घातला, गळ्यात झेंडूचा हार घेतला. शेजारची नूतन मोबाइल घेऊन उभी राहिली.

"काका, हासू नका ना! मेलेला मानूस हासते का कुठं?"

"कापूस गुदगुल्या करून राहिला, बाई. फोटो काढ लवकर."

"पन दामिनी किती रडंन, काका?"

"रडू दे. एकदा घरी आली का मी उठून बसतोच."

फोटो गेला. दोघंही मोबाइलकडे बघत बसले. दुपारी सुपरवायझरचा मेसेज आला.



"ऐकून फार वाईट वाटलं. आता आई नाही, बाप नाही, मग दामिनी जाणार तरी कोणाकडे? काळजी नसावी, तिला आम्ही कायमची इथेच ठेवून घेतो."