हाऊज लाइफ, बडी?

२००२ साल. अंबडच्या एका कारखान्यातून आठवड्याभरात नऊ कामगारांना कामावरून कमी केलं होतं. दहावा कोण, ते आज ठरणार होतं. जेवणाच्या सुट्टीआधी लेथवरच्या केरूला केबिनमध्ये बोलावणं आलं.

"हाय केरू! ये, बस. हाऊज लाइफ, बडी?" मॅनेजर सबनीस साहेबांनी हसून खुर्ची पुढे केली.

केरू हातातली टोपी चुरगाळत उभाच राहिला.

"अरे, रिलॅक्स! पोरगी कितवीला?"

"बारावीला."

"कूल! चहा सांगू?"

"चहा नको, साहेब." केरू म्हणाला. "चौदा वर्षांत तुम्ही मला गाढवाबिगर दुसरी हाक नाय मारली. कागद कुठं हाय? सही करतो."