आवाज पुसलेली फिल्म

साहेब, मागावरच्या त्या बाईला तुम्ही चौकीत खुर्ची दिलीत, पंखा लावलात, वर चहा मागवलात. एवढा मान तिला जन्मात कुणी दिला नव्हता. तिच्या नणंदेचा गळा तिच्याच हातून आवळायचा होता, म्हणून हा थाट.

भिंतीवरच्या फिल्ममध्ये नणंद बोलत होती. ओठ हलत होते, आवाज नव्हता. यंत्रमाग कामगारांच्या संपावर फिल्म काढणारा फिल्मवाला कोपऱ्यात, हातात बेडी. जप्तीआधी त्याने सगळा आवाज पुसून टाकला होता. "आता तुमचं कुणी काही वाकडं करत नाही," म्हणाला होता. शहाणाच! मागांच्या खडखडाटात शेजारणीची हाक ऐकू येत नाही, म्हणून मागावरची प्रत्येक बाई ओठ वाचते, हे त्याच्या गावीही नव्हतं. आणि चेहरे त्याने काय जीव लावून घेतलेले, अगदी जवळून! तुम्हाला मात्र गिरणीच्या मुकादमाने हे ओठ वाचण्याचं बरोबर सांगितलं.

"संपाच्या सकाळी मेन स्विच कुणी बंद केला, ते यात आहे," तुम्ही म्हणालात. "बाहेर बाकावर तुझी मागावरची जोडीदारीण बसलीय. तुझ्यानंतर तिला दाखवणार. दोघींचं जुळलं नाही, तर दोघी आत."

नणंद म्हणत होती, मेन स्विच मी बंद करते.

बाईने वाचलं. पुढे कॅमेरा कुणाकडे वळतो, तेही तिला ठाऊक होतं.

दाराला काच होती. काचेपलीकडून जोडीदारीण टक लावून बघत होती. बाईने कप खाली ठेवला आणि तिच्याकडे बघून नुसते ओठ हलवले. वन्संची दाढ दुखतेय, हेच सांग.

"काय पुटपुटतेस?"

"देवाचं नाव घेतेय, साहेब."

"देव नंतर. ही काय म्हणतेय?"

"दाढ दुखतेय म्हणतेय. वन्संच्या दाढेचं रडगाणं जुनंच आहे."

काचेपलीकडे जोडीदारणीने गालावर हात ठेवला.

फिल्मवाल्याने ते पाहिलं. त्याला उमगलं, आणि हा भला माणूस दाराकडे बघून हसला. तिथेच घात झाला. तुम्ही आधी त्याच्याकडे पाहिलंत, मग काचेकडे.

"उजेड फार येतोय," म्हणत तुम्ही उठलात आणि दारावरचा पडदा ओढून घेतलात.

फिल्म पुढे सरकली. कॅमेरा वळला. भिंतभर तिचाच चेहरा. ओठ हलले. तुम्ही नको, वन्सं, तुमची पोरं लहान आहेत. मी करते बंद.

तुम्ही चित्र तिथेच थांबवलंत. तिचं तोंड उघडं राहिलं, भिंतीवरही आणि खुर्चीतही.

"ही तर तूच की," तुम्ही म्हणालात. "स्वतःचे ओठ वाचायला काही अडचण? सांग, तू काय म्हणत होतीस?"