स्वखुशीनं आर्ट्स

भटवाडीची चढण आणि वर चाळीचे दोन जिने! काशीराम परबांच्या दारात पोचेपर्यंत शिरोडकर सरांचा जीव मेटाकुटीला आला. पण येणं भागच होतं. अठरा वर्षं ते अकरावी आर्ट्सला मराठी शिकवत होते, आणि त्या वर्गात यायचं कोण? सायन्स सोडाच, कॉमर्सनंही दारातून परत पाठवलेली पोरं. एक्क्याऐंशी टक्के मिळवून, स्वखुशीनं फॉर्म भरून आलेली ही एकच, परबांची अनुपमा. आणि दहाव्याच दिवशी बाप तिचं नाव काढून तिला सायन्सला घालायला निघाला होता.

परबांच्या बायकोनं, सुंदराबाईंनी, सरांना पंख्याखाली बसवलं. "दमलात. आधी चाय घेवा."

अनुपमा कपाटाला टेकून उभी होती. तिचं रडून झालं होतं.

"परब, पोरगी मराठीत शाळेत पहिली आलीय. दोन वर्षं माझ्याकडे द्या, मग बघा."

काशीराम नुकतेच फर्स्ट शिफ्ट करून आले होते. खाली बसून पाय चोळत होते.

"सर, तुमचा मान राखून बोलतो. मी फिटर माणूस. रोज पवईवरून जातो, त्या इंजिनियरिंगच्या फाटकातून आत जाणारी पोरं बघतो. ही हुशार आहे म्हणून तर जीव तुटतो ना! मराठी काय, घरात बोलतोच की आपण."

याला सरांकडे उत्तर होतं. वर्गात शंभरदा दिलेलं. ते द्यायला सर पुढे सरकले, तोच काशीरामांनी विचारलं,

"तुमचं कोण शिकतंय, सर?"

खोटं बोलावं असं सरांना वाटलं. अगदी मनापासून वाटलं.

"मुलगा. बारावी सायन्स."

काशीराम हसले नाहीत. "मग झालं तर," एवढंच म्हणाले, आणि फळीवरून एक कागद काढून त्यांनी पुढे केला. प्रवेश रद्द करायचा अर्ज होता. "वर्गशिक्षकांची सही लागते म्हणे. अनायासे आलाच आहात."

सरांनी पेन काढलं. उगाच सगळा अर्ज वाचला, परत वाचला.

तेव्हा कुठे अनुपमानं तोंड उघडलं.

"सर, तुमचा मुलगा मराठीत कसा होता?"

"तुझ्याहून चांगला," सर म्हणाले, आणि त्यांनी सही केली.