उशीवाले

"घण बसत नाही घागरीत," मुलगी म्हणाली. "दांडा वर राहतोय."

"मग काप दांडा," आई म्हणाली आणि तिला जांभई आली. तिची बघून मुलीला आली, मुलीची बघून गादीवाल्या काकांना. कामं अशीच रेंगाळायची.

गाद्यांच्या दुकानाइतकी सुरक्षित जागा शहरात दुसरी नव्हती. गिऱ्हाईक औषधालाही फिरकत नसे. माणूस आडवा झाला की त्याची झोप उशाशी ठेवलेल्या सरकारी घागरीत उतरायची आणि सकाळी गडावर जायची. अंगाला लागायचा तो नुसता गाळ. त्या झोपेवर गडावरची माणसं नव्वदीतही तुकतुकीत दिसत. खाली तिशीतच माणसं वाकत. अशा शहरात गादी शिवून घेणार कोण?

म्हणून गडाविरुद्धची संघटना इथे जमायची. तिचं मूळ नाव चांगलं भारदस्त होतं, पण ते कुणाच्या लक्षात राहिना. शेवटी सगळे 'उशीवाले'च म्हणू लागले.

आई घागरवाली होती. गल्लीतल्या घागरी गोळा करून गडाच्या बाहेरच्या दारात नेऊन ठेवायच्या, हे तिचं काम. नऊ वर्षांपूर्वी तिचा नवरा, हाडाचा गवंडी, झोपेचा हौद फोडायला गडावर गेला. परतला नाही. त्याच्यामागून आणखी तिघे गेले. तेही परतले नाहीत. काकांनी चौघांच्या नावाने एकेक उशी शिवून फळीवर मांडली होती. बैठकीच्या सुरुवातीला सगळे त्या उशांपुढे उभे राहत. कुणीतरी उभ्या उभ्या पेंगायचंच.

तिने नवऱ्यासाठी धड रडूनही घेतलं नव्हतं. रडायला बसलं की डोळा लागायचा. मग उठून सासूचं करायचं, मुलीचं करायचं, घागरी उचलायच्या. गेल्या महिन्यात मुलीला मागावर डुलकी लागली आणि दोन बोटं गेली. त्याच आठवड्यात आईला आतल्या, हौदाकडच्या दाराचा पास मिळाला.

"मी जाते ना, आई," मुलगी म्हणाली.

"पास माझ्या नावाचा आहे."

"बाबांचं त्यांनी काय केलं असेल, माहीत नाही. तुला एकटीला..."

"वहिनी, नीट ऐका," काका मध्येच म्हणाले. "उजव्या हाताला हौद. खालून तिसरा थर, कोपऱ्यातला दगड. हौद बांधताना गवंडीभाऊंनी पाहिलं होतं, तोच दगड कच्चा. तो निखळला की ज्याची झोप त्याच्या घरी. एकदा पोटभर झोपली ना माणसं, की पुढचं त्यांचं ती बघतील."

"आणि तुम्ही?"

"आम्ही सातजण पायथ्याशी. आवाज आला की दार तोडून वर."

ती निघाली. ऊन चढलं होतं. तीनशे पायऱ्या, डोक्यावर घागर, घागरीत घण. शंभराव्या पायरीला गुडघे बोलू लागले. दोनशेव्या पायरीला ती बसली नाही, कारण बसली असती तर उठली नसती. पहारेकऱ्याने पास पाहिला, घागर पाहिली नाही.

आत गार होतं. उजव्या हाताला हौद होता आणि त्यात निळसर धुकं काठोकाठ भरलं होतं. तिने गल्लीतल्या प्रत्येक घराची झोप त्यात ओळखली असती. घागर उतरवून तिने घण काढला. खालून तिसरा थर. कोपऱ्यातला दगड.

"पाणी हवंय का?"

मागे एक बाई उभी होती. कमरेला किल्ल्या, हातात तांब्या. तिने आरडाओरडा केला नाही.

"जवळ येऊ नका," आई म्हणाली. "मी हा फोडणार आहे."

"फोडा की. तो दगड कच्चाच आहे. सगळे त्यासाठीच येतात." बाईने तांब्या खाली ठेवला. "किती पायऱ्या चढून आलात! पाय बघा कसे थरथरताहेत."

"माझ्या नवऱ्याला मारलंत तेव्हाही असंच गोड बोलला होतात?"

"कोण नवरा?"

"गवंडी होते."

"अगंबाई," ती बाई म्हणाली. "तुम्ही त्यांच्या घरच्या होय?"

तिने भिंतीवरचा पडदा बाजूला सारला.

चार पलंग होते. त्यांवर चार माणसं. पहिल्या पलंगावर तो होता. कुशीवर, हात गालाखाली. नऊ वर्षांत एक केस पिकला नव्हता. गाल भरले होते. तो हळू घोरत होता.

तिच्या हातातला घण जड झाला.

"त्यांना काय दिलंत?"

"काही नाही. बांधलेलंही नाही. दार उघडंच असतं. हौद फोडण्याआधी जरा टेका म्हटलं, एवढंच. दरवर्षी उठवून विचारते, खाली जायचंय का? घरी बायको आहे, लहान मुलगी आहे म्हणता ना?" बाईने त्याच्या पायांवरचं पांघरूण नीट केलं. "म्हणतात, जाऊ, थोड्या वेळाने."

आईने घण दोन्ही हातांनी उचलला, ती आधी त्याच्याकडे वळली, मग हौदाकडे. नऊ वर्षांचं सगळं एकदम डोक्यात गेलं. सासूचं अंथरूण, मुलीची बोटं, फळीवरच्या उशा.

खिडकीतून पायथा दिसत होता. कठड्यावर मुलगी बसली होती, वर बघत. तिची मान खाली कलली. दचकून तिने ती सावरली आणि पुन्हा वर बघू लागली.

आईने घण भिंतीला टेकवून ठेवला. मग ती पलंगाच्या काठावर बसली आणि नवऱ्याच्या खांद्याला हात लावून म्हणाली,

"सरका जरा."