तीन पेड

“त्यांनी सातवं प्रकरण काढलं तर?” जिन्यातच थांबून लेखिकेने विचारलं.

बाबा दोन पायऱ्या वर होते. कठडा धरून उभे राहिले, पण वळले नाहीत.

“काढलं तर मी बघून घेईन. तू नुसती हसत राहा.”

“पण बाबा, ते प्रकरण...”

“माहीत आहे मला. हळू बोल, वर दार उघडं आहे.”

 म्हणजे तिचा संशय खरा होता, बाबांना कळलं होतं. न कळायला काय झालं? त्या परदेशी लेखकाची कादंबरी आपल्या भाषेत आणली होती ती बाबांनीच. तिची आई गेली त्या वर्षी, स्वयंपाकघरातल्या टेबलावर बसून. लेखिका तेव्हा बालवाडीत होती. पुस्तकाची एकच आवृत्ती निघाली आणि रद्दीत गेली. घरातली प्रत मात्र तिने शाळेच्या वयात वाचून वाचून खिळखिळी केली.

समुद्रकाठी दोर वळणारा एक माणूस. बायको वारलेली. लहानग्या मुलीची वेणी घालता येत नाही, म्हणून काम संपल्यावर तो खुंटीला दोराचे तीन पेड बांधतो आणि सराव करतो. सोडतो, पुन्हा घालतो. तिथे आलं की तिला दर वेळी रडू फुटायचं.

पुढे ती स्वतः लिहू लागली आणि तो दोरवाला, ती मुलगी, ती वेणी तिच्या कादंबरीच्या सातव्या प्रकरणात येऊन बसली. प्रभाव, संस्कार असले शब्द तिने स्वतःला पुष्कळ ऐकवले. पण चोराच्या मनात चांदणं ते चांदणंच. हस्तलिखित वाचताना बाबा त्या प्रकरणापाशी आले आणि उठून गॅलरीत गेले. बऱ्याच वेळाने परतले ते “बरं आहे” एवढंच म्हणाले. ती काय समजायचं ते समजली. दोघांनी तो विषय पुन्हा काढला नाही.

मग कादंबरी गाजली आणि नेमकी त्याच लेखकाच्या भाषेत गेली. अनुवादिकेला त्याची सगळी पुस्तकं तोंडपाठ. तिच्या कसं लक्षात आलं नाही, याचं लेखिकेला नवल वाटे. भिडेपोटी गप्प बसली असेल. मूळ पुस्तक एकदा वाचावं, म्हणून लेखिकेने ती भाषा शिकायचंही मनात आणलं होतं. “तुला कशाला? मी आहे ना,” म्हणून बाबांनी ते उडवून लावलं.

आणि आता तो लेखक व्याख्यानासाठी इथे आला होता. प्रकाशकांकडे त्याने निरोप ठेवला होता: लेखिकेला भेटायचं आहे, सातव्या प्रकरणाबद्दल एकच विचारायचं आहे.

“या, या!” प्रकाशकांनी खुर्चीवरचे पुस्तकांचे गठ्ठे खाली ठेवले. “चेहरा का असा? लेखक चावत नाहीत हो. यांचे तर दातही कवळीचे आहेत. अनुवादिका रस्त्यात अडकली आहे. ती येईपर्यंत चहा घेऊ.”

“कशाला थांबायचं?” बाबा घाईने म्हणाले. “दुभाष्या म्हणून मी आहे ना. ती यायच्या आत उरकून टाकू.”

म्हातारा लेखक खिडकीपाशी बसला होता. हाडकुळा, कानात यंत्र. मांडीवर तिची कादंबरी, मधोमध खुणेला बसचं तिकीट. तो कष्टाने उठला, तिचे दोन्ही हात हातात घेतले आणि बोलत राहिला.

“पुस्तक आवडलं म्हणतात,” बाबा म्हणाले.

“एवढंच?”

“मोठी माणसं पाल्हाळ लावतात.”

लेखकाने खुणेचं पान उघडलं. त्यावर बोट ठेवून काही विचारलं. बाबांनी त्याच भाषेत थोडक्यात उत्तर दिलं. त्याने मान हलवली आणि तेच पुन्हा, मोठ्याने विचारलं. बाबांनी चहाचा कप अर्धाच बाजूला सारला.

“दमलोय म्हणतात. चल, निघू आपण.”

बाबांना एवढं घाबरलेलं तिने कधी पाहिलं नव्हतं. या वयात ते आपल्यासाठी खोटं बोलत होते. तिला मेल्याहून मेल्यासारखं झालं. पण ती खुर्चीवरून हलली नाही.

तेवढ्यात अनुवादिका धापा टाकत आत आली. लेखकाने तिची बाही धरली आणि सगळं पहिल्यापासून सांगायला सुरुवात केली.

“राहू दे,” बाबा उठून उभे राहिले. “त्यांना उगाच त्रास.”

“बसा हो काका, त्रास कसला!” ती हसली आणि लेखिकेकडे वळली. “ते म्हणतायत, दोरवाला माझा आहे, पहिल्याच ओळीत ओळखला.”

लेखिकेने डोळे मिटून घेतले.

“अहो, रागावले नाहीत ते. त्यांनीही तो दुसऱ्या देशातल्या एका जुन्या लेखकाकडून उचलला होता. त्याने आणखी कुणाकडून. लिहिणाऱ्यांत हे चालायचंच म्हणतात. फक्त एक गोष्ट त्यांना स्वस्थ बसू देत नाही. ती वेणी. ते वाचून रडले म्हणे, आणि हेवाही वाटला. ती तुम्हाला कुठून मिळाली?”

“कुठून म्हणजे?” लेखिका चाचरली. “त्यांच्याच पुस्तकातून. बाबांनी केलेल्या अनुवादातून.”

अनुवादिकेने ते त्याला सांगितलं. म्हाताऱ्याने लेखिकेकडे पाहिलं. मग सावकाश बाबांकडे. बाबा मान खाली घालून बसले होते. तो एकच वाक्य बोलला, अगदी हळू.

अनुवादिका लेखिकेकडे वळली.

“ते म्हणतायत, माझ्या दोरवाल्याला मुलगी नव्हतीच.”