उलटे आटे

साखळी-करवतीच्या प्लगच्या भोकातून रुचिकाने सुताची दोरी आत कोंबली आणि इंजीन जागच्या जागी अडकलं. आता क्लच खोलता येणार होता.

"झालं का वं पोरी?" केवलरामने दुकानाच्या दारातून विचारलं.

"करूनच राहिली न बाबूजी. पन हे मशीन आजच काऊन? संध्याकाळी पाहुणे येतीन."

"दवनीवाड्याचं गिऱ्हाईक हाये. रस्त्यावर झाड पडलं मने. येईलच आता घ्यायले." केवलरामने शर्टाच्या खिशावर हात ठेवला. "माहा हात धड असता त तुले सांगतलं असतं का?"

रुचिकाने पाना उचलला. गेल्या पावसाळ्यापासून बापाच्या उजव्या हातात चहाचा कपही ठरत नव्हता. तेव्हापासून मुर्रीतलं हे दुकान तिच्या बोटांवर चाललं होतं. लाकूड कापायच्या साखळीच्या करवती, धानावर फवारायचे पंप, सारं तिच्यासमोरच येऊन पडायचं.

आत खुंटीवर इस्त्री केलेली हिरवी साडी टांगलेली होती. बिरसीच्या एका लग्नात तिला हिमांशू भेटला होता. मग फोन सुरू झाले. त्याच्याशी बोलताना तुझ्या आवाजाला मोहफुलाचा वास येतो, असं तिची मैत्रीण आचल म्हणायची. आज त्याचे मायबाप बघायला येणार होते. ते हो म्हणाले तरच पुढे काही होतं. हिमांशू त्यांच्या शब्दाबाहेर जाणारा नव्हता.

तिने पान्याला नेट लावला. बाकीचे नट जिकडे आवळतात, तिकडे फिरवल्यावर हा क्लच सुटतो. तो सुटून हातात आला. तीन पाकळ्या, त्यांना धरून ठेवणाऱ्या तीन स्प्रिंगा. त्यातली एक जागेवर नव्हती. म्हणून तर रेस न देताही साखळी फिरत होती.

"बाबूजी, तुटली असती त तुकडे ड्रममधी सापडले असते. इथं त तुकडा नाही."

"पडली असंल कुठं. त्या लोकायले अक्कल असते का?"

ती जळका कचरा खरवडत असतानाच, भर दुपारी, बाहेर गाडी थांबली. पांढऱ्या कपड्यातले चुन्नीलाल उतरले. मागून त्यांची बायको धनवंता, आणि शेवटी हिमांशू.

"सांगतल्या टायमावर आलो न बा?" चुन्नीलाल म्हणाले.

"हो हो, या न. बसा." केवलराम लगबगीने पुढे झाला. रुचिकाने दचकून त्याच्याकडे पाहिलं. "पाहतं काय पोरी? पाहुण्यायले पाय धुवायले पानी आन."

चिंधीला हात पुसत ती धावली. पितळेच्या लोट्यावर तिची पाच बोटं काळी उमटली. धनवंताने ती पाहिली आणि पाऊल मागे घेतलं.

"राहू दे बाई. धुतले त जास्तच काळे होतीन."

चुन्नीलालनी बुटाच्या टोकाने क्लच ढकलून पाहिला. "पोरगी पाहायले आलो का मिस्त्री?"

"पोरगी लाखात एक हाये, भाऊ," केवलराम हात जोडून म्हणाला. "क्लच खोलते, कार्बोरेटर धुते. गिऱ्हाईक वाकडं बोललं त तोंडावर जवाब देते. मर्दाले भारी."

"दिसूनच राहिलं," धनवंता म्हणाली. "स्वयंपाकात बी ग्रीसच घालत असंल."

हिमांशू खाली वाकला. "रुचिका, मी धरू का?"

"पँटीले डाग पडतीन," आई म्हणाली. तो सरळ झाला.

"मामाजी," रुचिका हळूच चुन्नीलालना म्हणाली, "दोन मिनटात साडी नेसून येते. चहा ठेवते."

"चहा होईल," केवलराम म्हणाला. "आधी भाऊले दाखव हा क्लच कोनीकडे फिरवते. सांगा बरं भाऊ, कसा खोलान?"

चुन्नीलालनी पान्याकडे हात न लावता बोट फिरवून दाखवलं. "असा. अजून कसा?"

"चुकले!" केवलराम टाळी वाजवून हसला. "याचे आटे उलटे असते. मोठमोठ्यायले मालूम नसते. माह्या पोरीले मालूम हाये."

हिमांशूला हसू फुटलं. चुन्नीलालच्या कानाच्या पाळ्या लाल झाल्या.

"मंजे आमी अडाणी, नाही का? केवलराम, आमच्या घरी ट्रॅक्टर हाये, नौकर हायेत. मशीन बिघडलं त दुरुस्तीवाल्याले अंगणात उभा ठेवतो आमी. सून मनून घरात नाही घेत." ते गाडीकडे वळले. "हिमांशू, चाल."

हिमांशूने रुचिकाकडे पाहिलं. मग हातातल्या किल्लीकडे. मग तो गेला.

धनवंता जाता जाता उंबऱ्याशी थुंकली.

रुचिकाने घासलेटने हात चोळले. मग साबणाने. मग नुसत्या मातीने. नखांच्या कडा काळ्या त्या काळ्याच राहिल्या.

"रडू नको," केवलराम म्हणाला. "पैशाची गुर्मी हाये त्यायले. आन तो पोट्टा, मायच्या पदराआडचा! असल्या घरी रोज मेली असती."

"तुमी माह्यासाठी बोलले न बाबूजी," ती कशीबशी म्हणाली. "दुसऱ्या बापाने नसतं केलं एवढं."

ती आत गेली. खुंटीवरची साडी निघाली. ट्रंकेचं झाकण उघडलं, मिटलं. मग नुसते हुंदके येत राहिले.

उन्हं कलली, तरी दवनीवाड्याहून कोणी आलं नाही. केवलराम मशीनपुढे उकिडवा बसला आणि हलक्या आवाजात गुणगुणू लागला,

*चिमणी गं माझी, नको जाऊ दूर,*
*दाणा तुझा अंगणात, कशाला हुरहूर…*

गुणगुणतच त्याने शर्टाच्या खिशातून ती स्प्रिंग काढली, चिमट्यात धरली आणि पहिल्याच खेपेला हुकात बसवली. हात जरासुद्धा कापला नाही.